लवेनपचा नकाशा

पनवेल पाहायला म्हणून कोणी जात नाही, पनवेलवरून जातात. कोणी पुण्याला जातो, कोणी अलिबागला, कोणी गणपतीला कोकणात. आणि प्रत्येकाच्या प्रवासवर्णनात पनवेल येते ते ‘पनवेल सोडले आणि’ एवढ्यापुरतेच. गावाचा हा धर्म आजचा नाही. बोरघाटातून उतरलेला देशावरचा माल पनवेलच्या बंदरात गलबतांत भरायचा आणि खाडीतून मुंबईला धाडायचा, एवढ्यासाठीच हे गाव वाढले. १८५२ साली येथे नगरपालिका झाली, २०१६ साली महानगरपालिका झाली. मध्ये आगगाडी आली, सिडको आली, द्रुतगती मार्ग आला. तरी गावाची वृत्ती धर्मशाळेचीच राहिली. आलेल्याला पाणी द्यावे, रस्ता दाखवावा आणि उगाच थांबवून ठेवू नये.

अशा गावात ज्यांचे बालपण जाते त्यांची मात्र पंचाईत होते. सारे जग ज्या फाट्यावरून पुढे जाते, तेथे आपण आपले उभे! मला वाटते, म्हणूनच मी आणि माझ्या थोरल्या भावाने आमच्यापुरता एक उपाय शोधला होता. आम्ही पनवेल उलटे केले.

हे आठवायला निमित्त झाले ते घर आवरण्याचे. वडाळे तळ्याजवळचे आमचे जुने घर गेल्या वर्षी पाडून नव्याने बांधायला दिले. माळा रिकामा करताना पितळेचे हंडे, आजोबांची पंचांगे, एका पायाने अधू झालेला पाट अशा वस्तूंच्या मागून एक पत्र्याचे नळकांडे निघाले. आत एका मोठ्या कॅलेंडरचे पान गुंडाळून ठेवलेले होते. पुढच्या बाजूला लक्ष्मी, आणि पाठीमागे, त्या गुळगुळीत पांढऱ्या अंगावर, निळ्या-तांबड्या शाईत एक संपूर्ण राज्य. खाली उजव्या कोपऱ्यात दादाचे वळणदार अक्षर: ‘लवेनप, सन १९९०’.

तेव्हा दादा चौदा वर्षांचा होता आणि मी नऊ. राज्याचा शब्दकोश सोपा होता. गावाचे नाव अक्षराअक्षराने मागून वाचायचे. पनवेलचे लवेनप झाले. माथेरानचे झाले नराथेमा, आणि ते एखाद्या दक्षिणेकडच्या राणीचे नाव वाटे. खोपोली म्हणजे लीपोखो. गडांची मात्र गंमत होई. माणिकगड, प्रबळगड, इर्शाळगड सगळे ‘डग’ने सुरू होत. डगकणिमा, डगळबप्र, डगळर्शाइ! ही नावे बिनचूक उच्चारणाऱ्यालाच राज्यात प्रवेश असे. आमच्या आत्याला तो कधीच मिळाला नाही.

पण खरी मौज ‘ळ’ची होती. पनवेलात ‘ळ’ फार. गावात तळी आहेत त्यांची नावेच पाहा ना: वडाळे, विश्राळे, कृष्णाळे, देवाळे. उलटी केली की सगळी ‘ळे’ने सुरू होतात. आज मी महाविद्यालयात मराठी शिकवतो, तेव्हा विद्यार्थ्यांना सांगतो की ‘ळ’ हे अक्षर ऋग्वेदाच्या पहिल्याच ऋचेत सापडते, मराठीत तर त्याच्यावाचून पान हलत नाही, पण मराठी शब्दाच्या आरंभी ते कधी येत नाही. नऊ वर्षांच्या मला हा नियम ठाऊक नव्हता. पण जिभेला तो ठाऊक असावा. कारण ‘ळ’ने सुरू होणारा शब्द उच्चारताना जीभ टाळ्याला अडखळे, आणि हा शब्द या जगातला नाही अशी खात्री पटे. म्हणून राज्याचा कायदा असा झाला की, ज्याचे नाव ‘ळ’ने सुरू होते ते शक्तीचे ठिकाण.

आणि त्या सर्वांत मोठे ठिकाण होते ळार्नाक. म्हणजे कर्नाळा. बाकीच्या गडांसारखे त्याला आमच्याकडे कोणी ‘गड’ म्हणत नसे, नुसते ‘कर्नाळा’; आणि म्हणूनच तो ‘डग’च्या तावडीतून सुटला होता.

मुंबई-गोवा रस्त्याने जाणाऱ्या प्रत्येकाने कर्नाळ्याचा सुळका पाहिलेला असतो. झाडीने भरलेल्या डोंगराच्या माथ्यावर, जमिनीतून कोणी हात वर करून अंगठाच दाखवावा तसा तो उभा आहे. त्याला पांडूचा बुरूज असेही म्हणतात. कोकणात अवघड दगड दिसला की तो पांडवांच्या नावावर जमा करण्याची रीत आहे. आम्ही मात्र त्याचे स्वामित्व बदलले. माझे म्हणणे असे की, हा अंगठा एकलव्याचा. द्रोणाचार्यांनी तो मागून घेतला, पण त्याचे पुढे काय केले हे महाभारत सांगत नाही. तर तो येथे पुरला. पुरलेल्या अंगठ्यातली विद्या काही मरत नाही. ती रात्री डोंगरातून झिरपते, तळ्यांत साठते आणि तेथून सगळ्या राज्याला मिळते.

दादाला ही उपपत्ती कच्ची वाटे. नुसती झिरपून शक्ती येत नाही, तिला उंची लागते, तिला नळ लागतो, असे तो म्हणे. खोपोलीचे वीजघर शाळेच्या सहलीत पाहिल्यापासून तो तसा झाला होता. लोणावळ्याच्या बाजूच्या तलावांचे पाणी सुमारे सतराशे फूट खाली खोपोलीला आणून टाटांनी १९१५ साली मुंबईला वीज दिली, हे आम्हाला मास्तरांनी दाखवले होते. त्यामुळे दादाच्या नकाशात ळार्नाकपासून चारी तळ्यांपर्यंत तांबड्या शाईच्या दुहेरी रेघा आहेत, आणि प्रत्येक रेघेवर आकडा आहे. गावात श्री धूतपापेश्वरचा औषधांचा जुना कारखाना आहे, १८७२ पासूनचा. आसवारिष्टे, भस्मे, मात्रा. लवेनपमध्ये तो शक्ती बाटलीत भरण्याचा कारखाना होता, आणि या एका मुद्द्यावर आम्हा दोघांत कधीच मतभेद झाला नाही. त्या दिवसांत मी वाचनालयातून नारायण धारपांची पुस्तके चोरून वाचत असे. त्यांच्या समर्थांच्या अंगी जी शक्ती होती तिचा पुरवठा कोठून होतो, हे मला पक्के ठाऊक होते.

राज्याच्या पश्चिम सीमेवर, खाडीपलीकडे, एक पहारेकरी होता. उलव्याची टेकडी, आमची वेलउ. फार उंच नव्हे, नव्वद मीटरांच्या आसपासची असेल. पण आमच्या गच्चीवरून पाहता सूर्य तिच्या पाठीमागे मावळे, आणि समुद्राकडून येणारा शत्रू प्रथम तिलाच दिसणार हे उघड होते. वेलउ माझ्या ताब्यात होती. ळार्नाक दादाच्या. संध्याकाळी दोघांनी आपापल्या दिशेकडे तोंड करून, पाठीला पाठ लावून गच्चीवर उभे राहायचे आणि सर्व कुशल असल्याचे एकमेकांना कळवायचे, असा रिवाज होता. आई जेवायला हाका मारी तोवर राज्य सुरक्षित असे.

पुष्कळ वर्षे मला वाटत होते की हा वेडेपणा आमचाच. पुढे एकदा आमच्या महाविद्यालयात भूगोल शिकवणाऱ्या सहकाऱ्यांनी सहज विचारले, “तुम्ही पनवेलचे ना? मग ‘पनवेल फ्लेक्सर’ ऐकले असेलच.” मी ऐकले नव्हते. त्यांनी फळ्यावर आकृती काढून दाखवली. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्हा पसरला. त्याचे थर घाटमाथ्यावर पाहावेत तर पोळ्यांच्या चवडीसारखे आडवे, एकावर एक. पण पनवेलच्या आसपास ते थर आडवे राहत नाहीत. ते वाकतात आणि पश्चिमेकडे कलून समुद्राच्या दिशेने खाली जातात. कोकणपट्टीला समांतर जाणारा पृथ्वीच्या कवचाचा हा भला मोठा वाक, आणि जगातले भूशास्त्रज्ञ त्याला आमच्या गावाच्या नावाने ओळखतात! वज्रेश्वरी-गणेशपुरीपासून थेट राजापूरपर्यंत कोकणात उन्हाळ्यांची, म्हणजे गरम पाण्याच्या झऱ्यांची जी ओळ आहे तिचाही संबंध याच पट्ट्यातल्या भेगांशी लावतात. पनवेलात स्वतः उन्हाळे नाही, हे कबूल करतो. पण ज्या गावी कोणी थांबत नाही त्या गावी जमीन मात्र वाकून खाली पाहते, हे ऐकून मला त्या दिवशी वर्ग घेणे जड गेले.

या वाकाला पनवेलचे नाव देऊन १९४९ साली त्याविषयी लिहिणारे गृहस्थ होते जॉन बिकनेल ऑडेन, भारताच्या भूवैज्ञानिक खात्यातले. हे नाव वाचून मी थबकलो. कवी डब्ल्यू. एच. ऑडेन यांचे हे थोरले भाऊ! एक भाऊ कविता करीत इंग्लंड-अमेरिकेत राहिला आणि दुसरा हातोडी घेऊन हिमालयात व सह्याद्रीत हिंडला.

धाकट्या ऑडेनची हकीकत तर आणखी जवळची निघाली. सहाव्या वर्षापासून बाराव्या वर्षापर्यंत या मुलाने मनात एक स्वतंत्र जग रचले होते. उत्तर इंग्लंडमधले चुनखडीचे उघडे डोंगर आणि त्यांतल्या शिशाच्या खाणी, एवढीच त्याची सामग्री. त्या जगाला त्याने पुढे पवित्रच म्हटले आहे. त्यासाठी तो यंत्रांची पुस्तके, खाणींचे नकाशे वाची. एकदा त्याच्यापुढे पेच पडला. खनिज धुण्याचे एक यंत्र त्याला दिसायला फार आवडे. पण दुसरे अधिक कार्यक्षम होते. कोणते बसवायचे? आपल्याच मनातल्या जगात आवडते तेच बसवावे, त्याला कोण विचारणार होते? पण त्या मुलाला वाटले की तसे करणे अप्रामाणिकपणाचे होईल, आणि त्याने कार्यक्षम यंत्र घेतले. कवी होण्याचे शिक्षण आपल्याला तेथे मिळाले, असे त्याने मोठेपणी लिहून ठेवले आहे. त्या जगात राहणारा माणूस मात्र एकच होता: तो स्वतः. मोठेपणी त्याने ख्रिस्तोफर इशरवुडबरोबर एका कल्पित देशातल्या भुताटकीच्या शिखराविषयी नाटक लिहिले, १९३६ साली, आणि ते अर्पण केले डोंगर चढणाऱ्या या थोरल्या भावाला.

हे सगळे मी दादाला सांगायला हवे होते. पण त्या वेळी आम्ही एकमेकांशी फारसे बोलत नव्हतो.

त्याचे असे झाले. दादाचा हात चित्रकाराचा होता. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये जायचे त्याने ठरवले होते आणि वडिलांची ना नव्हती. पण तो दहावी झाला त्याच्या दुसऱ्या वर्षी वडील गेले. दादाने स्थापत्य अभियांत्रिकीची पदविका घेतली आणि विसाव्या वर्षी एका ठेकेदाराकडे साइटवर उभा राहिला. रंगांची पेटी त्याने मला दिली; मी ती शाळेच्या तक्त्यांना वापरून संपवली. मी बी.ए. झालो, एम.ए. झालो. फी कोठून येते हे मला माहीत होते. पण माहीत असणे आणि ध्यानात असणे यांत मोठे अंतर आहे.

नव्या विमानतळासाठी उलव्याची टेकडी कापायचे काम निघाले. नदीचा प्रवाह वळवायचा, टेकडी उडवायची, तिचा दगड खाजणात भरून जमीन उंच करायची. या कामावर जी अनेक माणसे होती त्यांत एका छोट्या ठेकेदाराच्या वतीने दादाही होता. २०१८ च्या दिवाळीत आम्ही सगळे पनवेलला जमलो होतो. फराळाच्या वेळी तो सुरुंगांविषयी सांगू लागला. भोके किती खोल घेतात, धक्के मोजायला यंत्रे कशी लावतात. मी पहाटे गच्चीवर जाऊन आलो होतो. पश्चिमेकडे टेकडीचा माथा खरवडलेला दिसत होता. मी म्हणालो, “दादा, वेलउ माझ्या ताब्यात होती. तू ती पगारावर विकलीस.”

थट्टेचा सूर लावायचा माझा बेत होता. तो लागला नाही. दादाने हातातली चकली ताटात ठेवली आणि उठून तो चुलीशी आईला मदत करायला गेला. पुढे सात वर्षे आमचे बोलणे आईची औषधे, घरपट्टी आणि कोणाच्या लग्नाला कोण जाणार, एवढ्यावरच चालले. कोणी भांडलो म्हणावे तर भांडण झालेच नव्हते.

नकाशा सापडला तेव्हा मी त्याला फोन केला. “नळकांडे मिळाले,” एवढेच म्हणालो. पलीकडे थोडा वेळ शांतता. मग तो म्हणाला, “शाई उडाली असेल.” मी म्हटले, “निळी उडाली आहे. तांबडी आहे.” तो म्हणाला, “रविवारी कर्नाळ्याला येतोस?”

तर गेल्या जानेवारीत एका रविवारी सकाळी दादा, मी आणि माझी दहा वर्षांची मुलगी असे तिघे पनवेलहून निघालो. वाटेत शिरढोण लागते. क्रांतिकारक वासुदेव बळवंत फडके यांचे हे गाव; ४ नोव्हेंबर १८४५ ला ते येथे जन्मले. त्यांचे आजोबा कर्नाळ्याचे किल्लेदार होते. १८१८ मध्ये किल्ला इंग्रजांनी घेतला, आणि त्याच घराण्यातला नातू साठ वर्षांनी इंग्रजांविरुद्ध उठला. १८७९ साली ते पकडले गेले, एडनला पाठवले गेले, आणि १८८३ साली तेथेच वारले. डोंगराच्या सावलीत वाढलेल्या मुलाच्या मनात त्या अंगठ्याने काय भरले असेल, याचा विचार शिरढोणवरून जाताना प्रत्येक वेळी माझ्या मनात येतो. आमच्या नकाशात शिरढोण नव्हते.

पायथ्याचे अरण्य १९६८ सालापासून पक्ष्यांसाठी राखलेले आहे. नाक्यावर आपल्याजवळच्या प्लॅस्टिकच्या बाटल्या मोजून घेतात आणि अनामत रक्कम ठेवून घेतात. बाटली परत दाखवली की पैसे परत. ही पद्धत मला फार आवडली. आत शिरताच हायवेचा गोंगाट झाडांनी मागच्या मागे अडवला. एक भृंगराज शेपटीची दोन लांब पिसे सांभाळीत फांदीवर बसला होता आणि पाळीपाळीने चार-पाच निरनिराळ्या पक्ष्यांचे आवाज काढीत होता. माझी मुलगी म्हणाली, “बाबा, हा सगळ्यांची नावे उलटी करतोय का?” तिला नकाशाची भाषा आदल्या रात्री शिकवली होती.

वाट चढणीची आहे, दमवते, पण घाबरवत नाही. तास-दीड तासाने झाडी सरते आणि अंगावर एकदम तो सुळका येतो. लांबून अंगठा दिसतो. जवळून तो काळ्या कातळाचा मनोरा आहे, सव्वाशे फुटांहून उंच, आणि मान मागे टाकल्याखेरीज त्याचे टोक दिसत नाही. त्याच्या पायाशी खोदलेली पाण्याची टाकी आणि कोठ्या आहेत. वर कातळाच्या पोटाला आग्यामोहळे लोंबत होती. त्यांच्या खालून जाताना मोठ्याने बोलायचे नाही, धूर करायचा नाही, अत्तर लावून यायचे नाही, ही येथली शिस्त आहे. त्यामुळे सुळक्यापाशी सगळेजण देवळात बोलावे तसे कुजबुजत बोलतात. आम्ही मुलांनी लवेनपच्या कायद्यात ‘ळार्नाकसमोर आवाज चढवू नये’ असे कलम घातले होते. ते वयात आलेल्या मंडळींकडून पाळले जाताना पाहून मला समाधान वाटले.

किल्ला लहान आहे. दरवाजे, पडक्या भिंती, देवीचे स्थान, एक फारसी शिलालेख. पण बोरघाटातून कोकणच्या बंदरांकडे येणारी वाट येथून नजरेत राहते, म्हणून हा एवढासा तुकडा ज्याला त्याला हवा होता. निजामशाहीने घेतला, गुजरातच्या सुलतानाने घेतला, पोर्तुगीजांनी घेतला. शिवाजी महाराजांनी घेतला, १६६५ च्या पुरंदरच्या तहात तो मोगलांना द्यावा लागला, आणि १६७० मध्ये परत घेतला. सामर्थ्याचे ठिकाण म्हणजे काय ते यांनी आमच्या आधी ओळखले होते. फक्त त्यांचा हिशेब वाटेचा आणि जकातीचा होता.

सावलीत बसून आम्ही नकाशा उलगडला आणि चारी कोपऱ्यांवर दगड ठेवले. दादाने चष्मा लावला. मी ऑडेन बंधूंची गोष्ट सांगितली, भूगोलाच्या सहकाऱ्यांची आकृती त्याला काढून दाखवली. ‘फ्लेक्सर’ त्याला माहीत होता! कामावर असताना त्याने कोणाकडून तरी ऐकला होता. “भोके घेताना थर कलते लागतात,” तो म्हणाला. “मला वाटलं, तुला सांगावं.” आणि न सांगण्याचे कारण दोघांनाही माहीत होते, म्हणून कोणी ते काढले नाही.

उत्तरेला माथेरानची लांब पाठ, तिच्या अलीकडे प्रबळगड, त्याच्या शेजारी इर्शाळगड. नेढे असलेला इर्शाळगड आम्ही नकाशात डोळ्यासारखा काढला होता, पापण्यांसह. त्याच्या अंगावर इर्शाळवाडी होती. १९ जुलै २०२३ च्या रात्री पावसात दरड आली आणि ठाकरांची ती वस्ती झोपेत गाडली गेली. मी मुलीला ते दाखवले. तिने नकाशावर बोट ठेवून विचारले, “मग वाडी इथे का नाही?”

मी नकाशा पुन्हा पाहिला. तळी होती, कारखाना होता, तांबडे नळ होते, सैन्याच्या छावण्या होत्या. आमच्या सबंध राज्यात एकही घर नव्हते. वेलउच्या पायथ्याशी मी लाटा काढल्या होत्या आणि त्यांत तीन मगरी. प्रत्यक्षात तेथे गावे होती. मासेमारी होती, भातशेती होती, देवळे होती, जत्रा भरत होत्या. विमानतळासाठी दहा गावांना उठून जावे लागले. मी ज्या टेकडीसाठी भावाशी सात वर्षे अबोला धरला, तिच्या पायथ्याशी कोण राहते हे मला कधी विचारावेसेही वाटले नव्हते.

दादाला ती गावे ठाऊक होती. तो त्यांची नावे सांगू लागला, सुलट नावे. कोंबडभुजे, तरघर, चिंचपाडा, कोल्ही, कोपर. कोणत्या गावात चहा मिळे, कोठे मोजणीच्या माणसांना लोकांनी माघारी लावले, कोठे घर रिकामे करताना एका आजींनी तुळस मुळासकट काढून फडक्यात बांधली आणि नव्या जागी खाली माती असेल ना, असे त्याला विचारले. असेल, असे तो म्हणाला होता. “खात्री नव्हती,” तो म्हणाला. “पण म्हणालो.”

पश्चिमेला धुके होते. त्यातून खाडीचा एक चकाकता तुकडा दिसत होता, आणि त्याच्या अलीकडे बरीच मोठी सपाट जागा. विमानतळाचे उद्घाटन ८ ऑक्टोबर २०२५ ला झाले आणि २५ डिसेंबरपासून तेथून विमाने सुटू लागली. आम्ही पाहत असतानाच एक विमान वर आले. आवाज नव्हता, किंवा असेल तर वाऱ्याने आमच्यापर्यंत येऊ दिला नाही.

मी दादाला म्हणालो, “तेव्हा मी बोललो ते चुकलं.”

तो नकाशाकडेच पाहत होता. “वेलउ कुठे गेलेली नाही,” तो म्हणाला. “तिथंच खाली आहे. खाजणात भरली. उभी होती, ती आडवी केली, एवढंच.” मग काही वेळाने, “पहिल्या सुरुंगाच्या दिवशी मी पूर्वेकडे तोंड करून उभा होतो. माझी दिशा पूर्व-दक्षिण. पश्चिम तुझी.”

माझ्या मुलीला या बोलण्यात रस नव्हता. ती जीभ टाळ्याला लावून काहीतरी पुटपुटत होती. एकदम म्हणाली, “काका, विमानतळ उलटं करा ना!”

आम्ही दोघांनी मनातल्या मनात केले. वि, मा, न, त, ळ. दादा माझ्या आधी हसला. तो पहिल्यापासून माझ्यापेक्षा चपळ. मी त्याला खिशातले पेन दिले. ते निळे निघाले. त्याने नको म्हणून मान हलवली आणि आपल्या पिशवीतून साइटवरचे तांबडे पेन काढले. वेलउच्या तीन मगरींच्या जरा वर, जुन्या रेघांना न लागेल अशा बेताने, त्याने सावकाश एकेक अक्षर लिहिले: ‘ळतनमावि’. अक्षर तसेच वळणदार आहे. मग त्याने ळार्नाककडून तेथवर एक दुहेरी रेघ ओढली आणि वर आकडा घालायचा म्हणून थांबला. आकडा कोणता, हे ठरवायला त्याला पुष्कळ वेळ लागला. मुलीने तोवर दहा गावे मोजून ठिपके दिले, आणि अकरावा इर्शाळगडाच्या पोटाशी.

ऊन चढले तसे आम्ही उतरलो. नाक्यावर तीन बाटल्या मोजून दाखवल्या. पावती दादाच्या खिशात होती. पैसे परत घेतले, आणि समोरच्या टपरीवर त्याचाच चहा झाला.